गाण्याचा अधिकार : चर्मकार टॉमस क्लार्क यांच्या चालीचे चिंतन

सज्जनहो, अधिकाराचा प्रश्न आपल्या संप्रदायाला नवा नाही. देवाचे गुण कोणी गावेत, त्यासाठी विद्या किती लागते, कूळ कोणते लागते, यावर शेकडो वर्षे खल झाला. नामदेवराय शिंपी, गोरोबाकाका कुंभार, सावतोबा माळी, नरहरी महाराज सोनार, सेना महाराज न्हावी, आणि चोखोबांना तर महाद्वाराच्या आतही येऊ दिले नाही. कुणबी कुळातल्या वाण्याने वेदांचा अर्थ प्राकृतात का बोलावा, याच प्रश्नापायी तुकोबारायांच्या वह्या इंद्रायणीत गेल्या. त्या वर आल्या, आणि प्रश्न तेवढ्यापुरता मिटला. पण तो पुरता मिटत नाही. प्रत्येक काळात तो नवे कपडे घालून येतो. कधी तो कुळाचे नाव घेतो, कधी शास्त्राचे, तर कधी सुधारणेचे.

आज चिंतनासाठी विषय घेतला आहे तो दूरदेशचा. इंग्लंडात टॉमस क्लार्क नावाचे एक जोडे शिवणारे गृहस्थ होऊन गेले. त्यांनी ख्रिस्ती उपासनेतील गीतांना चाली लावल्या. त्यांतील एक चाल आज दोनशे वर्षे होऊन गेली तरी लोकांच्या तोंडी आहे, मात्र ती कोणाची हे गाणाऱ्यांपैकी बहुतेकांना ठाऊक नाही. परधर्माच्या गाण्याचा विचार वारकऱ्याने कशाला करावा, असे कोणाच्या मनात येईल. त्याला उत्तर एवढेच की, जो प्रसंग त्या चालीवर आला तोच कोणत्याही भजनावर येऊ शकतो. दुसऱ्याच्या अंगणातले पाहिले की आपल्या अंगणातले नीट दिसते.

क्लार्क यांचा जन्म कॅंटरबरी या गावचा. इंग्लंडच्या आग्नेयेस केंट म्हणून प्रांत आहे, त्यातले हे जुने क्षेत्र. तेथील मुख्य देवालयाला शेकडो वर्षे यात्रेकरू चालत जात असत, हे वारकऱ्याने लक्षात ठेवण्यासारखे आहे. ५ फेब्रुवारी १७७५ रोजी तेथील सेंट पीटर चर्चमध्ये त्यांचा बाप्तिस्मा झाला. वडील जोडे शिवत. मुलगा त्यांच्याच हाताखाली तोच धंदा शिकला आणि पुढे तोच चालवू लागला. रापी, आरी, मेण लावलेला दोरा, हीच त्यांची साधने. संगीताची विद्यापीठी पदवी नाही, कोणा उमरावाचा आश्रय नाही, मोठ्या देवालयातील पगारी नोकरी नाही. कॅंटरबरीतील मेथडिस्ट मंडळींच्या उपासनेत ते गायनाची बाजू सांभाळीत. मेथडिस्ट म्हणजे जॉन वेस्ली आणि चार्ल्स वेस्ली या बंधूंच्या प्रेरणेने उभा राहिलेला पंथ. त्यांनी मजूर, खाणकामगार, विणकर यांच्यात जाऊन प्रवचने केली आणि गीते गायला लावली. धाकटे बंधू चार्ल्स यांनी तर हजारो गीते रचली.

१८०५ साली, तिशीत असताना, क्लार्क यांनी आपल्या चालींचा पहिला संग्रह छापला. त्यानंतर आणखी कितीतरी संग्रह काढले. रविवारच्या धर्मशाळांच्या संघाने मुलांसाठी जे चालींचे पुस्तक काढले, त्याच्या स्वरयोजनेचे कामही या चर्मकाराच्या हातून झाले. ३० मे १८५९ रोजी, चौऱ्याऐंशी वर्षांचे होऊन, ते कॅंटरबरीलाच वारले. चरित्र म्हणून सांगण्यासारखे एवढेच. चमत्कार नाही, छळ नाही, राजदरबार नाही. दिवसा जोडे, सवडीने चाली आणि रविवारी उपासना, असे ते आयुष्य होते.

ते एकटे होते असेही समजू नका. क्लिप्स्टन गावचे टॉमस जार्मन शिंपी होते आणि चाली रचीत. रॉचडेलकडचे जेम्स लीच हातमागावर कापड विणीत आणि चाली रचीत. जेम्स एलर हे मॅंचेस्टरजवळ टोप्या बनवण्याच्या धंद्यात होते. त्यांनी १८३८ साली एक चाल केली, ती आजही जगभरच्या चर्चमध्ये गातात. लॅंकेशर प्रांतात रॉसेन्डेलच्या डोंगराळ भागात तर विणकरांची एक सबंध मंडळीच होती. लोक त्यांना डीन खोऱ्यातले चंडोल पक्षी म्हणत. मागावरचे काम आटोपले की ही माणसे सारंगीसारखी वाद्ये खांद्यावर टाकून माळरान तुडवीत एकमेकांच्या घरी जमत आणि रात्री उशिरापर्यंत गात. त्यांनी हाताने लिहून ठेवलेल्या चालींच्या वह्या अजून जपून ठेवलेल्या आहेत. मैलोन्‌मैल चालून भजनाला जाणारा माणूस कसा असतो, हे तुम्हांला मी सांगायला नको.

आता ती चाल. तिचे नाव क्रॅनब्रुक. हे केंटमधील एका गावाचे नाव. त्या देशात चालींना गावांची नावे देण्याची रीत आहे. गीत एकाचे, चाल दुसऱ्याची, आणि दोहोंना जोडणारा दुवा म्हणजे अक्षरांची मोजणी. आपल्या मोठ्या अभंगाला पहिल्या तीन चरणांत सहा सहा आणि चौथ्यात चार अक्षरे असतात. त्यामुळे एका चालीवर वीस अभंग म्हणता येतात आणि एक अभंग वीस चालींवर. तिकडेही तसेच. फिलिप डॉड्रिज नावाच्या धर्मोपदेशकाचे ईश्वरी कृपेच्या गोडीवर एक गीत आहे. त्याच्या ओळी सहा, सहा, आठ, सहा अशा मापाच्या. त्यासाठी क्लार्क यांनी क्रॅनब्रुक रचली. पुढे लोकांनी ती नाताळच्या एका जुन्या गीताला लावली. नाहम टेट यांच्या नावाने ओळखले जाणारे हे गीत १७०० साली छापले गेले. रात्री मेंढरे राखीत बसलेल्या धनगरांना देवदूताने येशूच्या जन्माची वार्ता सांगितली, हा त्याचा विषय. त्याचे माप आठ, सहा, आठ, सहा. पहिल्या ओळीला दोन अक्षरे जास्त झाली, ती लोकांनी बसवून घेतली. वार्ता राजाला आधी मिळाली नाही, पंडिताला मिळाली नाही, मेंढपाळांना मिळाली. हे गीत कष्टकऱ्यांना का प्रिय झाले असेल ते यात आले.

हे ऐकवण्याचे श्रेय माझ्या भाच्याचे. तो यॉर्कशायरात नोकरीला असतो, त्याने फोनवर मला ही चाल ऐकवली. पन्नास वर्षे कीर्तनात उभा राहिलेल्या माणसाचा कान जे टिपतो ते सांगतो. तिकडच्या स्वररचनेचे शास्त्र मला सांगता येणार नाही, पण समुदायाने गाण्याचे शास्त्र थोडे सांगता येईल. चाल सरळ निघते, चालणाऱ्या माणसाच्या पावलाला पाऊल लागावे अशी. तिच्यात गळ्याची कसरत नाही. आणि शेवटच्या ओळीवर आली की ती पुढे सरकत नाही, तीच ओळ तीनदा घेते. एक आवाज ओळ उचलतो, दुसरे त्याच्या मागून येतात, एकमेकांत मिसळतात आणि शेवटी सगळे मिळून एका ठिकाणी विसावतात. टाळकऱ्यांच्या दोन ओळी समोरासमोर उभ्या आहेत, एकीने चरण सोडला की दुसरीने उचलला, आणि मग पखवाजाच्या समेवर सगळे एकत्र आले, हे ज्याने अनुभवले आहे त्याला ही रचना परकी वाटणार नाही.

त्या काळी इंग्लंडच्या खेड्यांतील चर्चमध्ये पश्चिमेच्या बाजूला, लोकांच्या पाठीमागे, उंचावर एक लाकडी सज्जा असे. त्यात गावातलेच गाणारे-वाजवणारे बसत. फिडल, मोठा खर्जाचा तंतुवाद्यप्रकार, सनईच्या जातीचे क्लॅरिनेट, खर्जातले बसून, आणि सापासारखे वळसे असलेले सर्पंट नावाचे एक वाद्य. वाजवणारे कोण, तर लोहार, सुतार, मोची, शेतमजूर. गीताची वेळ झाली की खाली बसलेले लोक पाठ फिरवून सज्जाकडे तोंड करीत. क्लार्क यांच्यासारख्यांच्या चाली अशा सज्जांतून आणि लहान लहान उपासनागृहांतून गाजल्या.

येथे कोणी शंका घेईल. आवाज एकामागून एक येतात, तर एकाच वेळी एकजण एक शब्द म्हणतो आणि दुसरा दुसरा शब्द. मग अर्थ कोणाला कळणार? ही शंका लहान नाही, आणि ती क्लार्क यांच्याच पंथाच्या मूळपुरुषाने घेतली होती. जॉन वेस्ली यांना अशा चाली मान्य नव्हत्या. निरनिराळ्या लोकांनी एकाच क्षणी निरनिराळे शब्द म्हणावेत, हे त्यांना भक्तीच्या आड येणारे वाटे. वेस्ली १७९१ साली वारले, पण त्यांचे मत पंथात राहिले. योग असा की ज्या १८०५ साली क्लार्क यांचा संग्रह निघाला, त्याच साली मेथडिस्टांच्या वार्षिक सभेने ठरवले की, गाणाऱ्यांच्या जागी खर्जाच्या एका तंतुवाद्याखेरीज वाद्य नको, आणि वेगवेगळ्यांनी एकाच वेळी वेगवेगळे शब्द म्हणण्याचे गायनप्रकारही नकोत. म्हणजे चाल छापली जात होती आणि तसल्या चालीला बंदीही होत होती.

मी या वादात वेस्ली यांच्या बाजूने बराच झुकतो, हे स्पष्ट सांगतो. कीर्तनात शब्द हा देव आहे. चाल त्याची पालखी. पालखी सुंदर असावी, पण आतल्या पादुकाच दिसेनाशा झाल्या तर खांदेकऱ्याने काय वाहिले? त्या काळच्या पुष्कळ चालींत हा दोष भरपूर होता. ओळीची आवृत्ती करण्याच्या नादात शब्द मध्येच तुटे. यात्रेकरू या अर्थाचा जो इंग्रजी शब्द पिल्ग्रिम, तो अर्ध्यावर तोडला की नुसते पिल उरते, म्हणजे औषधाची गोळी. वारकऱ्याची गोळी झाली की लोक हसणारच, आणि अशा तुटलेल्या शब्दांचे विनोद तिकडे पुष्कळ सांगत. रचनाकाराने शब्दाकडे न पाहता केवळ स्वराच्या सोयीकडे पाहिले की असे होते. क्लार्क यांची क्रॅनब्रुक या दोषातून पुष्कळशी वाचते, कारण तिच्यात गुंतागुंत येते ती शेवटच्या ओळीवर. तोवर ओळीमागून ओळ नीट ऐकू येते, आणि शेवटची ओळही अखंडच परतून येते. पहिल्या खेपेला निसटली तर दुसऱ्या खेपेला सापडते. आवर्तनाचा हा उपयोग आपल्याला ठाऊक आहे. ध्रुपद पुन्हा पुन्हा घेतो ते वेळ काढण्यासाठी घेत नाही. पहिल्यांदा ते कानात जाते, दुसऱ्यांदा जिभेवर येते, तिसऱ्यांदा कुठे आत उतरते.

दुसरी उणीव मात्र मी लपवणार नाही. क्रॅनब्रुकमध्ये आनंद आहे, करुणा नाही. तिच्यात हाक आहे, पण आर्तता नाही. ती उत्सवाच्या दिवसाची चाल आहे. विरहाचा, पश्चात्तापाचा, एकांताचा शब्द तिच्यावर बसवला तर ती त्याला ओढत घेऊन जाईल. ज्ञानोबामाउलींची विरहिणी आणि गौळण यांना आपण एकच चाल लावत नाही, ते याच कारणाने. एकाच रसात रमणारा रचनाकार मोठा असू शकतो, पण पूर्ण म्हणता येत नाही. क्लार्क यांना या चालीने अमर केले आणि या चालीनेच त्यांची मर्यादाही दाखवली.

आता तिसरी शंका पाहू. ती वेस्ली यांची नाही, नंतर आलेल्या सुधारकांची आहे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला इंग्लंडच्या चर्चमध्ये सुधारणेचे वारे सुटले. सुशिक्षित धर्मगुरू आले. त्यांना सज्जातले मोची-लोहार, त्यांचे बेसूर वाटणारे फिडल, त्यांच्या उड्या मारणाऱ्या चाली हे सारे ओबडधोबड, नाटकी, देवाच्या घराला न शोभणारे वाटले. वेस्ली यांची हरकत शब्दासाठी होती. या मंडळींची हरकत अभिरुचीची होती, आणि अभिरुचीच्या आड कूळ लपायला जागा पुष्कळ असते. सज्जे उतरवले गेले. ऑर्गन आले, जेथे ऑर्गन परवडेना तेथे हार्मोनियम आले, पांढरे झगे घातलेली शिकवलेली मुले पुढे उभी राहिली. १८६१ साली जुन्या-नव्या गीतांचे एक मोठे पुस्तक निघाले आणि देशभर पसरले. त्यात गंभीर, सुघड, एका लयीत जाणाऱ्या चाली होत्या. क्लार्क दोन वर्षे आधीच गेले होते. ग्रामीण वादकांच्या या विस्थापनावर टॉमस हार्डी यांनी १८७२ साली एक कादंबरी लिहिली. त्यांचे वडील आणि आजोबा असेच गावच्या चर्चमध्ये वाजवणारे होते, तेव्हा ते ऐकीव सांगत नव्हते.

सुधारकांना न्याय द्यायला हवा. त्यांच्या पुस्तकांतील चाली चांगल्या आहेत, शब्द स्पष्ट ऐकू येतात, आणि सज्जातील मंडळींत मद्यपान, भांडणे, मानापमान हेही होतेच. कोणत्या फडात नसते? पण हिशेब मांडताना दोन्ही बाजू मांडाव्यात. गाणे सुधारले हे खरे, पण ज्यांच्या हातात ते होते ते लोहार-सुतार खाली येऊन बाकावर बसले, आणि त्यांचे काम आता ऐकण्याचे झाले. खडबडीत वहाण शिवणाऱ्याला तुमचे पाय दिसत असतात. त्याची वहाण काढून घेऊन काचेच्या कपाटातला जोडा दाखवला, तर तो जोडा सुंदर असतो आणि माणूस अनवाणी असतो.

याच प्रसंगातून एक गोष्ट आपल्याकडे आली आहे, तीही सांगतो. हार्मोनियमचा परवाना पॅरिसच्या देबें यांनी १८४२ साली घेतला. ते पायाने भाता मारायचे वाद्य. इंग्लंडच्या कितीतरी खेड्यांत त्याने फिडलवाल्यांना घरी बसवले. तेच वाद्य या देशात आले, एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कलकत्त्यात द्वारकानाथ घोष यांनी त्याला हाताने भाता मारायचे रूप दिले, आणि ती पेटी झाली. ही पेटी आपल्या भजनात वीणा, टाळ, पखवाज यांच्या शेजारी बसली आणि तिने कोणाला उठवले नाही. म्हणजे दोष वाद्याचा नव्हता. एका ठिकाणी ते माणसांच्या जागी आले, दुसऱ्या ठिकाणी माणसांच्या सोबत आले.

चर्चमधून बाहेर पडलेल्या चालींचे पुढे काय झाले? यॉर्कशायरात शेफिल्ड शहराच्या आसपास डंगवर्थसारखी गावे आहेत. तेथे नाताळच्या आधी कित्येक आठवडे लोक दारूच्या गुत्त्यात जमून ही जुनी भक्तिगीते गातात, आणि ती मेंढपाळांची वार्ता तर अनेक निरनिराळ्या चालींवर गातात. माळकऱ्याने हे वाचून कपाळाला आठी घालावी, हे साहजिक आहे. मलाही तो प्याला पटत नाही. पण देवाचे गाणे गुत्त्यात कसे गेले, हा प्रश्न गुत्त्यातल्या माणसाला विचारण्याआधी ज्यांनी त्याला देवळातून उठवले त्यांना विचारला पाहिजे. त्याने गाणे टाकले नाही, जागा मिळाली तेथे नेले.

क्रॅनब्रुकची कथा याहून विलक्षण आहे. यॉर्कशायरात इल्कली नावाचे गाव आहे, त्याच्या वरच्या अंगाला मोठे माळरान. त्या माळरानावर एक विनोदी गाणे आहे, तेथील बोलीभाषेत. एका चर्चच्या गायकमंडळाची सहल त्या माळावर गेली असता ते जुळले, असे लोक सांगतात. १९१६ साली त्याचे शब्द छापले गेले, तोवर दोन पिढ्या ते तोंडी चालत होते. आज ते यॉर्कशायरचे जणू प्रांतगीत आहे. खेळाच्या मैदानात, लग्नात, गुत्त्यात सर्वत्र गातात. त्याची चाल आपल्या चर्मकाराची. कृपेच्या गीताला लावलेली, मेंढपाळांच्या गीताने वापरलेली, आणि आता एका टवाळ गाण्याच्या अंगावर चढलेली.

भाचा म्हणाला, 'मामा, तुमच्या भक्तीच्या चालीचे काय झाले बघा.' मी त्याला गाण्याचा अर्थ विचारला. अर्थ असा. एक तरुण डोक्यावर टोपी न घालता प्रेयसीला भेटायला माळावर गेला. मित्र त्याला सांगतात, तुला थंडी बाधेल आणि तू मरशील. मग आम्ही तुला पुरू. मग किडे तुला खातील. त्या किड्यांना बदके खातील. त्या बदकांना आम्ही खाऊ. म्हणजे शेवटी आम्ही तुलाच खाल्ले असे होईल. वाचकहो, हे ऐकून मी हसलो, आणि मग थोडा थांबलो. देहाची नश्वरता, मातीत जाणे, एका जिवाचा दुसऱ्या जिवाचा आहार होणे, हे सगळे वैराग्यप्रकरणाचे सामान आहे. आपण कीर्तनात ते डोळ्यांत पाणी आणून सांगतो, त्यांनी ते हसत सांगितले. गाणाऱ्यांच्या मनात वैराग्य असते असे माझे म्हणणे नाही. बहुतेकांच्या मनात टोपीच असते. पण चालीत जो समुदायाला एकत्र बांधण्याचा गुण होता तो शाबूत राहिला, म्हणून ती जगली. भक्तीच्या शब्दाचे तसे झाले नाही. तो मागे पडला. काही ठिकाणी नाताळात तो पुन्हा या चालीवर ऐकू येतो, तेव्हा लोकांना उलटे वाटते की देवाच्या गाण्याला टोपीच्या गाण्याची चाल लावली!

हे हसण्यावारी नेऊ नये. आपल्याकडे अभंगाच्या अखेरीस संतांची नाममुद्रा असते. चाल बदलो, गाणारा बदलो, तुकोबारायांचा अभंग तुकोबारायांचाच राहतो. क्लार्क यांनी चालीला स्वतःचे नाव न देता एका गावाचे नाव दिले. त्यात नम्रता आहे, त्या देशाची रीतही आहे. पण नाव चालीला बांधलेले नव्हते आणि शब्दही बांधलेला नव्हता, म्हणून ती सुटी झाली. नाव पुसले जाण्याचे दुःख मला फारसे नाही, कारण आपल्याकडच्या कितीतरी पारंपरिक चाली कोणाच्या, हे कोणालाही सांगता येत नाही. शब्द सुटल्याचे दुःख आहे.

म्हणून या चरित्रातून माझ्या दृष्टीने दोन कसोट्या निघतात. पहिली, भक्तीची चाल अशी असावी की रांगेतला शेवटचा माणूस ती उस्तादाशिवाय गाऊ शकेल. दुसरी, तो गात असताना शब्द त्याच्यापर्यंत पोहोचावा. क्लार्क पहिल्या कसोटीला पूर्ण उतरतात, दुसरीला अर्धे. त्यांना बाहेर काढणारे सुधारक दुसरीला उतरले आणि पहिलीला नापास झाले. आणि माझ्या मते पहिली चुकली तर दुसरीला अर्थ उरत नाही. गाणाराच उरला नाही, तर शब्द पोहोचायचा कोणाला?

आता स्वतःकडे पाहू. हल्ली अभंगांना सिनेमाच्या चाली लागतात. त्या पहिल्या कसोटीला उतरतात, सगळा मंडप गातो. पण गाताना मन पांडुरंगाकडे न जाता पडद्यावरच्या प्रसंगाकडे जाते, तेव्हा दुसरीला त्या नापास. दुसरीकडे काही कीर्तनांत चार निवडक गायक ध्वनिक्षेपकासमोर बसतात, उत्तम गातात, शब्द न्‌ शब्द कळतो. मागचे टाळकरी मात्र शोभेला उभे. त्यांच्या तोंडासमोर ना ध्वनिक्षेपक, ना त्यांच्यासाठी चरण सोडलेला. समोरचा श्रोता तर मोबाइल उंच धरून चित्रण करीत असतो. हा आपला सज्जा उतरवण्याचा प्रकार आहे. कोणी कोणाला हाकलत नाही, म्हणून तो लक्षात येत नाही. इंग्लंडात तरी कादंबरी लिहायला हार्डी होते.

गायकांचा मी द्वेष करीत नाही. चांगला गळा ही देवाची देणगी आहे आणि ती देवालाच वाहिली जावी. पण ज्याला गळा नाही त्याचे काय? पंधरा-वीस दिवस चालून पंढरीला आलेल्या माणसाचा घसा बसलेला असतो. त्याचा सूर लागत नाही. तरी त्याला चरण उचलायला मिळाला पाहिजे, कारण वारीचा अर्थच तो. ऐकणाऱ्याला पुण्य नाही असे शास्त्र सांगत नाही, श्रवण ही पहिली भक्ती आहे. पण श्रवणापाठोपाठ कीर्तन येते आणि ते क्रमाने दुसरे आहे. पहिल्या पायरीवर लोकांना कायमचे बसवून ठेवणे हे कीर्तनकाराचे काम नव्हे.

तेव्हा तरुण कीर्तनकारांना आणि फडकऱ्यांना माझे एवढेच सांगणे आहे. पुढच्या एकादशीला कीर्तनात एखादे ध्रुपद असे घ्या, जे पहिल्या खेपेला तुम्ही म्हणाल, दुसऱ्या खेपेला टाळकरी म्हणतील, आणि तिसऱ्या खेपेला ध्वनिक्षेपक बंद करून मंडपातले सगळे म्हणतील. सूर हलेल, लय ओढली जाईल, कोणी पुढे जाईल, कोणी मागे राहील. हलू द्या. त्या हलणाऱ्या आवाजात कोण गातो आहे ते नीट ऐका. त्यात गवंडी असेल, भाजीवाली असेल, शिंपी असेल, आणि कुठेतरी खांबाला टेकून एखादा जोडे शिवणाराही असेल. चाल रचण्याचा अधिकार त्याला आहे की नाही, हे कॅंटरबरीच्या चर्मकाराने सिद्ध करून झाले आहे. ती गाण्याची जागा त्याला मिळते का, हे मात्र आपण पाहायचे आहे.

रामकृष्ण हरी.